घरटी एक कोकरू

न्यू जर्सीत एडिसनला भाड्याचं घर बघायला गेले तेव्हा घरमालक काकांनी मला तीन प्रश्न विचारले. पगार, व्हिसा, लग्न यांपैकी काहीच त्यांत नव्हतं. पहिला, मासे खातेस का, आणि खात असशील तर खवलं असलेलेच ना? दुसरा, शनिवारी फोडणी दिल्याशिवाय तुझं भागतं का? तिसरा प्रश्न विचारताना त्यांनी चष्मा नाकावर खाली ओढला आणि माझ्याकडे रोखून बघितलं. "चारचौघांत प्रश्न विचारायची लाज वाटते का तुला?"

मी नागपूरची. आमच्याकडे लाज हा विषय शाळेतच ऑप्शनला टाकतात. "नाही वाटत," म्हटलं.

"मग वरचा मजला तुझा," असं म्हणून किल्ली माझ्या हातात ठेवून ते गराजकडे चालू पडले. भाडं किती ते मला त्यांच्या बायकोला विचारावं लागलं. त्या दिवसापासून त्यांनी मला माझ्या नावानं कधी हाक मारली नाही. माझ्याआधी वरच्या मजल्यावर सातारा राहत होता, त्याच्याआधी बडोदा. मी नागपूर झाले. आता मी शिकागोजवळ नेपरव्हिलला स्वतःच्या घरात राहते, नवरा आहे, फरसबंदीवरचा बर्फ उपसायला फावडं आहे, आणि तरी फोनवर "काय नागपूर?" असा आवाज आला की मी पाय वर घेऊन सोफ्यावर बसते. तासाभराची निश्चिंती असते.

शनिवारच्या फोडणीचं कारण मला नंतर कळलं. काका बेने इस्राएल, म्हणजे कोकणातले ज्यू. पेण-अलिबागकडचे. फार पूर्वी म्हणे त्यांच्या पूर्वजांचं जहाज कोकणच्या किनाऱ्याला फुटलं. वाचले ते तिथंच राहिले, तेलाचे घाणे चालवू लागले, मराठी बोलू लागले. धर्माची पुस्तकं समुद्रात गेली. पण शनिवारी घाणा बंद ठेवायचा आणि बिनखवल्याचा मासा तोंडात घालायचा नाही, एवढं त्यांनी पिढ्यान्‌पिढ्या धरून ठेवलं. गाव त्यांना शनिवार तेली म्हणायचं. काकांना या नावाचा कोण अभिमान. "पुस्तक नाही, गुरू नाही, देऊळ नाही," ते म्हणायचे, "नुसता घाणा बंद ठेवून आम्ही ज्यू राहिलो. आणि तुला एक दिवस पोह्यांना फोडणी नको द्यायला जमत नाही?"

मी एकदा मायक्रोवेव्हमध्ये फोडणी करून पाहिली. आवाज नाही, धूर नाही. दोन मिनिटांत जिन्याखालून हाक आली, "नागपूर, मोहरी तडतडली गं!" मी हात टेकले.

स्वतः काकांनी घाणा चालवला नव्हता. आधी मुंबईत आणि मग न्यू जर्सीत त्यांनी आयुष्यभर लिफ्ट दुरुस्त केल्या. रिटायर झाल्यावरही ते सुटलं नाही. मॉलमध्ये गेले की लिफ्टच्या भिंतीला कान लावून उभे राहायचे. आत शिरणारी एखादी बाई घाबरून बाहेर पडली की तिला समजावायचे, "हर रेल इज ड्राय, नीड्स ऑइल. बट डोंट वरी, शी वोंट किल यू." ती बाई जिन्यानं जायची. माणसांशीही ते तसेच बोलत. लिफ्टमध्ये 'इतकीच माणसं' अशी पाटी असते ना, तसं. ती खरी असते आणि तिला कुणाची भीड नसते.

काकूही लिफ्टमधूनच त्यांच्या आयुष्यात आल्या. काकू नगरच्या ख्रिस्ती. वडील मिशनच्या शाळेत मास्तर. त्या मुंबईत एका हॉस्पिटलात नर्स होत्या, आणि एके दुपारी दोन मजल्यांच्या मधोमध लिफ्टमध्ये अडकल्या. वरून फटीतून एक माणूस ओरडला, "घाबरू नका, दोर शाबूत आहे!" तो माणूस म्हणजे काका. "मला यांनी सोडवलं," असं काकू सांगायच्या, आणि काका लगेच दुरुस्ती करायचे, "माझी ड्यूटी होती." लग्न झालं तेव्हा दोन्ही घरांनी तोंडं फिरवली, आणि काही वर्षांनी मान दुखली म्हणून परत वळवली. दोघांपैकी कुणीही धर्म बदलला नाही. काका शुक्रवारी संध्याकाळी मनुकांच्या सरबताचा पेला हातात घेऊन प्रार्थना म्हणत आणि काकू रविवारी सकाळी पेटी काढून मराठी भजनं म्हणत. मी वर कॉफी पीत दोन्ही ऐकायचे. फुकटात दोन देव.

वर्षभर हे दोघं गुण्यागोविंदानं राहायचे. भांडण फक्त वसंतात, आणि तेही एकाच विषयावर. कोकरू.

काकांचा पेसाह हा सण वसंतात येतो. मराठीत ते त्याला वल्हांडण म्हणायचे. ज्यू लोक मिसर देशात, म्हणजे इजिप्तमध्ये, गुलाम होते. सुटकेच्या रात्री देवानं सांगितलं, घरोघर एक कोकरू मारा, त्याचं रक्त दाराच्या चौकटीला लावा. मृत्यू येईल तो ते रक्त बघून तुमचं घर ओलांडून पुढं जाईल. काकूंचा ईस्टरही त्याच सुमाराला. त्यांच्या येशूलाही देवाचा कोकरा म्हणतात, कारण सगळ्यांच्या पापासाठी त्याचा बळी गेला, आणि तो गेला तो याच वल्हांडणाच्या दिवसांत. म्हणजे कोकरू एकच आणि दावेदार दोन.

"आमच्या कोकराचा पापाशी काही संबंध नाही," काका सुरू करायचे. "ती खूण होती. या घरातले लोक सुटायला तयार आहेत, एवढीच. पापबिप तुम्ही मागाहून घुसवलंत."

"खूणच होती तर नुसता गेरू लावला असता," काकू भाजी निवडता निवडता म्हणायच्या. "जीव कशाला घेतला बिचाऱ्याचा?"

इथं काका गंभीर व्हायचे. कोकरू आणायचं ते चार दिवस आधी, असं लिहिलंय म्हणे. चार दिवस ते घरात बांधून ठेवायचं. "चार दिवस घरात ठेवलं की पोरं त्याला नाव ठेवणारच," ते मला सांगत. "चारा घालणार. झोपताना जवळ घेणार. मग ते मटण राहत नाही, नागपूर. घरचं होतं. सुटका फुकट मिळाली असं कुणाला वाटू नये म्हणून ते चार दिवस."

"तेच म्हणते मी," काकू म्हणायच्या. "देवानं परक्याचं दिलं नाही. घरचंच दिलं. पोटचं."

यावर काका गप्प बसतील असं तुम्हाला वाटेल. छे. एका वर्षी त्यांनी लिफ्ट मधे आणली. कुणी कुणाच्या बदली जाऊच शकत नाही, हे त्यांना सिद्ध करायचं होतं, आणि ते मला लिफ्ट कशी चालते ते समजावत बसले. लिफ्टच्या दोराच्या दुसऱ्या टोकाला एक जड वजन टांगलेलं असतं, काउंटरवेट. ते खाली जातं तेव्हा लिफ्ट वर येते. मोटर फक्त जरासा हात लावते, खरं काम ते वजन करतं. पण लिफ्ट लिफ्टच्या जागी, वजन वजनाच्या, कुणी कुणाची जागा घेत नाही.

काकूंनी निवडायच्या शेंगा खाली ठेवल्या. "म्हणजे कुणीतरी खाली जातं म्हणून आपण वर जातो?"

"हो."

"आणि ते कुणाला दिसत नाही?"

"शाफ्टच्या आत असतं, कसं दिसेल?"

"अहो, मग चाळीस वर्षं मी दुसरं काय सांगतेय तुम्हाला?"

काकांचा चेहरा बघण्यासारखा झाला. पण हार मानतील तर ते काका कसले. "पण आमचं काउंटरवेट परत वर येतं!" ते गरजले.

"आमचंपण!" काकू म्हणाल्या. "तिसऱ्या दिवशी!"

मी इतकी हसले की मला ठसका लागला. काका उठून गराजमध्ये गेले, आणि तिथून बराच वेळ त्यांच्या हसण्याचा आवाज येत होता. समोर हसायचं नाही असाही त्यांचा एक नियम असावा.

काकू ईस्टरला कोकराच्या आकाराचा केक करत. त्याचा लोखंडी साचा शेजारच्या पोलिश आजींनी घर विकून जाताना त्यांना देऊन टाकला होता. बसलेलं कोकरू, मान किंचित वळवलेली. केक दर वर्षी छान फुगायचा आणि साच्यातून काढताना दर वर्षी त्याचं मुंडकं गळून पडायचं. मग काकू टूथपिक खोचून ते बसवायच्या. "तुझ्या देवाच्या कोकराला टूथपिकचा आधार लागतो," काका म्हणायचे. पण त्या केकवर लोकर म्हणून जे खोबरं भुरभुरायचं, ते काकाच खवायचे. पाकिटातलं सुकं खोबरं त्यांना चालायचं नाही. ओक ट्री रोडवर, देशी दुकानांच्या रस्त्यावर जाऊन, नारळ कानाशी हलवून, दुकानदाराचा जीव खाऊन दोन नारळ आणायचे आणि गावाहून आणलेल्या खवणीवर बसून अगदी बारीक, पांढरंशुभ्र खवायचे. खरी मजा अशी की तो केक त्यांना खाता यायचा नाही. पेसाहचे आठ दिवस मैद्याचं, फुगवलेलं असं काही खायचं नाही. नुसतं खायचं नाही एवढंच नव्हे, घरात आपल्या मालकीचंही ठेवायचं नाही. म्हणून केक भाजला जायचा तो वर, माझ्या ओव्हनमध्ये, आणि आठ दिवस तो अधिकृतपणे माझा असायचा. "कुणाचा केक?" काका जिन्यातून विचारायचे. "माझा!" मी वरून ओरडायचे. काकू मुंडकं काढून माझ्या फ्रीझरमध्ये ठेवायच्या, आणि सण संपला की काका ते चहात बुडवून खायचे.

एका वर्षी त्यांनी दाराला पंजा लावला. गावी त्यांचे आजोबा वल्हांडणाला बोकडाच्या रक्तात हात बुडवून कागदावर पंजा उठवत आणि तो कागद दारावर लावत, असं ते सांगायचे. एडिसनमध्ये बोकड कुठून आणणार? काकांनी बीट उकडून त्याचा रस काढला. पार्सल द्यायला आलेल्या माणसानं दारावर लाल पंजा आणि उंबऱ्यावर लाल थेंब पाहिले आणि सरळ पोलिसांना फोन केला. पोलीस आले तेव्हा काका दारात उभे होते, उजवा हात मनगटापर्यंत लाल. "सर, इज एव्हरीवन ओके इन द हाउस?" असं त्या तरुण पोलिसानं विचारलं. काकांना आयुष्यात इतका योग्य प्रश्न कुणी विचारला नव्हता. "दॅट," ते म्हणाले, "इज एक्झॅक्टली व्हॉट द हँड इज सेइंग." आणि त्यांनी त्याला मिसर देशापासून सुरुवात करून सगळं सांगितलं. तो बिचारा कॅथलिक निघाला. काकूंनी त्याला वर नेऊन माझ्या मालकीच्या केकचा तुकडा दिला. पार्श्वभाग.

आता तिसऱ्या प्रश्नाकडे येते. पेसाहच्या पहिल्या रात्री जेवणाआधी टेबलावर सुटकेची गोष्ट सांगतात. त्याला सेदर म्हणतात. ताटात कडू पाला असतो, मिठाचं पाणी असतं, बिनखमिराची भाकरी, खजुराची चटणी, आणि एक भाजलेलं हाड. कोकराच्या तंगडीचं. मी पहिल्या वर्षी विचारलं होतं, "काका, मटण कुठाय?" ज्या गावात सावजीचा रस्सा कपाळाला घाम आणतो त्या गावच्या माणसापुढं नुसतं हाड ठेवणं हा छळ आहे. काका म्हणाले, "मटण नाही. जेरुसलेमचं देऊळ पडलं, तेव्हापासून कोकरू मारणं बंद. आता नुसतं हाड. बघायचं. हातात उचलून दाखवायचंसुद्धा नाही." आदल्या दिवशी गॅसवर ते हाड भाजताना स्मोक अलार्म वाजायचा आणि काका त्याच्यावर टॉवेल फिरवत उभे राहायचे.

या सेदरची गोष्ट आपोआप सुरू होत नाही. ती कुणीतरी विचारावी लागते. टेबलावरचं सगळ्यात धाकटं माणूस विचारतं की आजची रात्र इतर रात्रींपेक्षा वेगळी का, आणि मगच थोरल्यानं सांगायचं, तेही 'ते' नाही, 'आम्ही' म्हणत. कुणी विचारलंच नाही तर? काकांना हीच धास्ती. म्हणून त्यांना भाडेकरू हवा असायचा तो प्रश्न विचारणारा. सातारा लाजायचा, हळू विचारायचा. बडोदा गुजराती मिसळायचा. मी खणखणीत विचारायचे, त्यामुळे माझी बढती होऊन मला ज्यादा चटणी मिळायची. मला हे सगळं फार आवडायचं. आपण विचारावं आणि एखाद्यानं इतक्या आनंदानं सांगावं, हे अमेरिकेत मला दुसरीकडे कुठं मिळत नव्हतं. ऑफिसात मी काही विचारलं की लोक लिंक पाठवतात.

पण काकांना स्वतःची एक लेक होती. तिनं का नाही विचारायचं? एस्तेर इथंच जन्मली, इथंच वाढली. टेक्ससला, अर्विंगला, शाळेतल्या मुलांना नीट बोलायला शिकवायची. ईस्टरला न चुकता यायची. पण शनिवारी विमानात बसायची आणि सोमवारी परत. तेव्हा पेसाह जवळ आलेला असो की सुरू असो, सेदरच्या टेबलाला मात्र ती कधी नसायची.

कारण मला काकूंनी सांगितलं, पेटी पुसता पुसता. एस्तेर कॉलेजात असताना तिथल्या ज्यू मुलांच्या एका गटात जाऊ लागली होती. फार आवडलं होतं तिला. मग कुणीतरी विचारलं, आई कोण? तिनं घरी फोन केला. डॅड, ॲम आय ज्यूइश ऑर नॉट? काकांनी पाटी वाचून दाखवली. आई ज्यू असेल तर मूल ज्यू. तुझी आई ज्यू नाही. म्हणून नियमानं, नाही. एवढं बोलून ते थांबले, कारण प्रश्न एवढाच होता. तिनं फोन ठेवला.

"खोटं काही बोलले नाहीत हो," काकू म्हणाल्या. "पण पोरीनं नियम विचारला होता का? ती दारात उभी राहून विचारत होती, आत येऊ का म्हणून. यांना ते कळलं दुसऱ्या दिवशी. तेव्हापासून कळतंच आहे. पण यांना सॉरी म्हणता येत नाही. यांना फक्त नियम सांगता येतो."

मला काकांचा राग आला. मग मी खिडकीतून पाहिलं तर ते अंगणात खुर्ची दुरुस्त करत होते. टेबलाला चार खुर्च्या होत्या आणि बसणारे आम्ही तिघं. चौथीचा पाय दर वर्षी सणाआधी ते घट्ट करत. त्या खुर्चीवर कुणी बसतच नव्हतं, तिचा पाय सैल होणार कशानं? माझा राग टिकला नाही.

मग एका वर्षी सेदरची रात्र आणि गुड फ्रायडे एकाच दिवशी आले. काकू म्हणाल्या, "तुमचं कोकरू संध्याकाळी, आमचं क्रुसावर दुपारी तीनला. बाथरूम कोण आधी वापरणार ते ठरवा." त्याच आठवड्यात टेक्ससला वादळाचा इशारा होता. शनिवारची विमानं अडकणार म्हणून एस्तेरनं तिकीट बदललं आणि ती शुक्रवारी दुपारी येऊन थडकली. काकू चर्चला गेलेल्या. काकांनी दार उघडलं, म्हणाले, "आलीस?" ती म्हणाली, "वेदर." आणि बॅग घेऊन सरळ वर माझ्याकडे आली.

आम्ही दोघींनी मिळून केक केला. ती मिश्रण ढवळत होती. माझ्याकडे न बघता तिनं विचारलं, "सो यू आस्क द क्वेश्चन्स, राइट?"

"हो. मराठीत विचारते."

"इज ही हॅपी? व्हेन यू आस्क?"

"हो," मी म्हटलं. "लहान मुलासारखे होतात."

ती बराच वेळ ढवळत राहिली. मिश्रणाला तेवढी गरज नव्हती. मग म्हणाली, "गुड. आय ॲम ग्लॅड ही हॅज यू." तिनं हे मनापासून म्हटलं, आणि म्हणून मला ते जास्त लागलं. साच्यातून काढताना मुंडकं पडलं. दोघी हसलो, टूथपिक शोधली.

संध्याकाळ झाली. काकूंनी खालून हाक मारली. एस्तेर माझ्यामागून जिना उतरली, पण टेबलाशी आली नाही. स्वयंपाकघरातल्या स्टुलावर फोन घेऊन बसली. मधे दार नाही, नुसती कमान आहे. काकूंचा उपास होता, त्या पाण्याचा पेला घेऊन बसल्या. काकांनी सरबतावर प्रार्थना म्हटली. पाला मिठाच्या पाण्यात बुडवला. भाकरी मोडली. मग नेहमीप्रमाणे माझ्याकडे बघितलं, आणि मी घसा साफ करून तोंड उघडलं.

"थांब, नागपूर," काका म्हणाले. "तुझं वय काय?"

"छत्तीस," मी गोंधळून म्हटलं.

"एस्तेर, तुझं काय?"

स्वयंपाकघरातून उत्तर आलं, "यू नो हाउ ओल्ड आय ॲम, डॅड."

"एकतीस. मग नागपूरचा प्रश्न चालायचा नाही. घरात असलेल्या सगळ्यात धाकट्यानं विचारायचा. नियम आहे."

काकूंनी डोळे मिटले. मला वाटलं, संपलं आता. एस्तेर कमानीत येऊन उभी राहिली. "नियम?" ती म्हणाली. हा शब्द तिनं मराठीतच म्हटला. "बाय द नियम, आय ॲम नॉट इव्हन ज्यूइश. यू सेड सो."

"म्हटलं," काका म्हणाले. "म्हटलं मी." त्यांनी ताटातल्या हाडाकडे बोट केलं. "पण याचा नियम निराळा आहे. कोकरू घरटी एक होतं. माणशी नव्हतं. रक्त लावलं ते चौकटीला, कुणाच्या कपाळाला नाही. जो त्या रात्री घरात होता, तो घरातला. कोकरू संपवायला घरची माणसं पुरत नसतील तर शेजाऱ्याला आत घ्या असं लिहिलंय. दारात उभं राहून कुणी विचारत नव्हतं की तुझी आई कोण."

"इट ऑल्सो सेज नो स्ट्रेंजर शाल ईट ऑफ इट." एस्तेरचा आवाज चिरकला. "सेम चॅप्टर. फर्दर डाउन. आय रेड इट, डॅड. आय रेड ऑल ऑफ इट."

इतक्या वर्षांत मी काकांना वादात कोंडीत सापडलेलं पाहिलं होतं, पण कोंडीत सापडून इतकं खूश झालेलं पाहिलं नव्हतं. पोरीनं वाचलं होतं. रागानं का होईना, शेवटपर्यंत वाचलं होतं.

"खाऊ नये, असं लिहिलंय," ते हळूच म्हणाले. "बरोबर. पण खायला आहे कुठं, एस्तू? देऊळ पडलं. कोकरू गेलं. आता नुसतं हाड आहे. आणि हाडाला कुणी परकं नसतं."

मग काका, ज्यांनी माझ्यादेखत कधी कुणाला विनवलं नव्हतं, म्हणाले, "मला चुकीचं उत्तर देता आलं असतं तर दिलं असतं गं त्या दिवशी. ये. बस. तू विचार."

ती आली. चौथी खुर्ची ओढली आणि बसली. पाय पक्का होता, हललासुद्धा नाही. तिनं डोळे पुसले, माझ्याकडे पाहून, "सॉरी, आय ॲम टेकिंग युअर जॉब," म्हणाली, आणि मी म्हटलं, "घे बाई, घे." माझ्यासारख्या व्हिसावरच्या माणसाला नोकरी गेल्याचा इतका आनंद कधी झाला नसेल. मग तिनं वडिलांकडे तोंड वळवलं आणि तुटक मराठीत, एकेक शब्द जुळवत विचारलं की आजची रात्र दुसऱ्या रात्रींसारखी का नाही.

उत्तर द्यायला काकांनी तोंड उघडलं आणि त्यांना शब्द फुटेना. एकदा प्रयत्न केला, दोनदा केला. प्रश्न विचारून झाला होता आणि तो टेबलावर तसाच पडून होता. एस्तेर घाबरून आईकडे बघायला लागली.

तेव्हा काकूंनी पाण्याचा पेला खाली ठेवला. त्यांच्या गळ्यात चर्चला घातलेला बारीक क्रूस तसाच होता. त्यांनी काकांच्या हातावर आपला हात ठेवला आणि लेकीला गोष्ट सांगायला सुरुवात केली.

"आम्ही," काकू म्हणाल्या, "मिसर देशात गुलाम होतो."